वळिवड्याची माणसं, वॉर्साच्या चौकात

वॉर्सा, सप्टेंबर

मुरानोव्स्का रस्त्यावर रुळांवर एक उघडी मालवाघीण उभी आहे. तिच्यात माणसांऐवजी क्रूस भरलेत, दाटीवाटीनं, वाकडेतिकडे. १९३९ साली १७ सप्टेंबरला सोव्हिएत फौजा पूर्व पोलंडात शिरल्या, म्हणून दरवर्षी त्या दिवशी इथे फुलं वाहतात. पुढच्या फेब्रुवारीपासून कुटुंबंच्या कुटुंबं मालगाड्यांत कोंबून सैबेरियात, कझाकस्तानात धाडली गेली. त्यातलेच सुमारे पाच हजार लोक, बहुतेक बायका-मुलं, इराणमार्गे हिंदुस्थानात आले आणि १९४३ ते १९४८ कोल्हापूरजवळ वळिवड्याच्या छावणीत राहिले. तिथे त्यांची शाळा होती, चर्च होतं, नाटकंही होत.

कम्युनिस्ट पोलंडात या हद्दपारीबद्दल चारचौघांत बोलायची सोय नव्हती. आजीनं स्वयंपाकघरात सांगायचं, नातवानं शाळेत गप्प बसायचं. १९८९ला राजवट गेली. १९९०च्या एप्रिलमध्ये पोलिश अधिकाऱ्यांचं कातिनचं हत्याकांड आपणच केलं, असं मॉस्कोनं मान्य केलं. मग पोलंड बोलायलाच लागला. वाघिणीचं हे स्मारक १९९५चं. आंद्रेई वायदाचा ‘कातिन’ हा सिनेमा २००७चा. त्याचे वडील त्या हत्याकांडात मारले गेले होते. सैबेरियाच्या आठवणींचं संग्रहालय २०२१मध्ये बियाविस्तोकला उघडलं, तेही १७ सप्टेंबरलाच. पोलिश माणूस तारखांच्या बाबतीत पक्का.

छावण्यांवरचा माहितीपट मात्र आपल्याकडच्या दिग्दर्शिकेनं केला: अनु राधा यांचा ‘अ लिटल पोलंड इन इंडिया’, २०१३. त्यात म्हातारी झालेली मुलं बोलतात. सिनेमाचा रोख मुख्यतः जामनगरजवळच्या बालाचडीच्या छावणीवर आणि तिथे पोलिश मुलांना आसरा देणाऱ्या जामसाहेब दिग्विजयसिंहजींवर आहे. वॉर्सातही त्यांच्या नावाचा चौक आहे, ‘भल्या महाराजांचा चौक’. जामसाहेबांचं मोठेपण खरंच. पण माझी तक्रार अशी की कृतज्ञतेच्या या गोष्टीत हिशेब हरवतो. वळिवड्याचा खर्च लंडनमधलं परागंदा पोलिश सरकार उचलत होतं. १९४५च्या जुलैत ब्रिटननं त्या सरकारची मान्यता काढली, आणि छावणीतली माणसं कागदोपत्रीही अधांतरी झाली. अनेकांची गावं तोवर सोव्हिएत हद्दीत गेली होती; आज ती युक्रेन, बेलारूस, लिथुआनियात आहेत. परत जायचं कुठे? म्हणून बरेच जण ब्रिटन, कॅनडा, ऑस्ट्रेलियात पांगले. त्यांचा संघ निघाला तोही लंडनला. वॉर्सात बसून मी ज्यांच्याबद्दल लिहितोय, ते वॉर्साला फारसे आलेच नाहीत.

आता या आठवणीला सरकारी हार पडतात. २०२४च्या ऑगस्टमध्ये पंतप्रधान मोदी इथल्या कोल्हापूर स्मारकापाशी येऊन गेले. कोल्हापूरचं नाव वॉर्सात दगडावर पाहून बरं वाटतं, नाही कशाला म्हणू!

राहिलं काय, तर वळिवड्याच्या छावणीचे पुढचे रहिवासी. पोलिश गेले आणि तिथे सिंधी निर्वासित आले. आजचं गांधीनगर ते हेच, कापडाच्या घाऊक बाजारामुळे सगळ्यांना ठाऊक असलेलं. आपल्या कल्याणच्या लष्करी छावणीचंही तसंच झालं. १९४९मध्ये तिचं उल्हासनगर झालं, तरी आपण अजून ‘कॅम्प तीन’, ‘कॅम्प पाच’ असंच म्हणतो. वळिवड्याच्या एकाच छावणीत पाठोपाठ उतरलेल्या या दोन फाळण्यांवर, पोलंडच्या आणि आपल्या, कुणी सिनेमा काढायचा म्हटला, तर बोलणारी माणसं गांधीनगरात मिळतील. फक्त लवकर निघायला हवं. फाळणीच्या वेळी दहा वर्षांचं असलेलं पोर आज नव्वदीला टेकलंय.