हनोईची सायकलरिक्षा आणि पाण्यावरच्या बाहुल्या

प्रवासाचा वेग आणि प्रवासातून होणारी ओळख यांचे प्रमाण बहुधा व्यस्त असते. विमानातून देशाची रूपरेषा दिसते, मोटारीतून रस्ता दिसतो. परंतु एखादे शहर, तेथील माणसे आणि त्यांचे व्यवसाय पाहावयाचे असतील तर पायी चालण्याच्या जवळपास येणारी गतीच उपयोगी पडते. व्हिएतनामची राजधानी हनोई येथे अशा संथ दर्शनाची सोय आजही आहे. तीन चाकांच्या सायकलरिक्षातून जुन्या शहराचा फेरफटका मारावयाचा आणि त्यानंतर तळ्याकाठच्या नाट्यगृहात पाण्यावरच्या बाहुल्यांचा खेळ पाहावयाचा, असा हा कार्यक्रम सहल कंपन्यांच्या पत्रकांत एखाद्या ओळीत छापलेला असतो.

अलीकडे व्हिएतनामला जाणाऱ्या भारतीय पर्यटकांची संख्या बरीच वाढली आहे. म्हणूनच पत्रकातील ही ओळ थोडी उलगडून पाहणे उपयुक्त ठरेल. या दोन्ही गोष्टी मुळात पर्यटकांसाठी निर्माण झालेल्या नाहीत. रिक्षा हे शहरातील गरिबाचे पोट भरण्याचे साधन होते, तर बाहुल्यांचा खेळ हा खेड्यातील शेतकऱ्याचा उत्सव होता. आज दोन्ही तग धरून आहेत त्या बव्हंशी पाहुण्याने दिलेल्या पैशांवर. तेव्हा आपण देतो ते पैसे नेमके कशाचे, हे जाणून घेणे व्यवहाराच्या आणि सौजन्याच्या, अशा दोन्ही दृष्टींनी योग्य होय.

सायकलरिक्षाचा जन्म

माणसाने ओढावयाची हातरिक्षा एकोणिसाव्या शतकात जपानमध्ये प्रचारात आली आणि १८८० च्या दशकात फ्रेंच अमलाखालील हनोईत पोहोचली. प्रारंभी अधिकारी व श्रीमंत यांच्यापुरते असलेले हे वाहन पुढे सर्वसामान्यांचे झाले आणि खेड्यांतून पोटासाठी आलेले असंख्य लोक रिक्षा ओढू लागले. त्यांचे हाल किती होते हे समजून घेण्यासाठी ताम लांग या पत्रकाराने स्वतः हनोईत रिक्षा ओढली आणि १९३२ मध्ये त्यावर लेखमाला लिहिली. व्हिएतनामी वृत्तपत्रसृष्टीत ती आजही महत्त्वाची मानली जाते. १९४५ च्या क्रांतीनंतर माणसाने माणसाला ओढण्याची ही पद्धत तेथे संपुष्टात आली.

तिची जागा घेणारे वाहन तत्पूर्वीच तयार झाले होते. पिएर कुपो या फ्रेंच गृहस्थाने १९३९ च्या सुमारास कंबोडियातील नोमपेन्ह येथे नव्या पद्धतीची सायकलरिक्षा बनविली आणि तिच्या प्रसिद्धीसाठी नोमपेन्ह ते सायगाव हा दोनशेहून अधिक किलोमीटरचा प्रवास तिच्यातूनच घडवून आणला. फ्रेंच भाषेतील 'सिक्लो' या शब्दावरून व्हिएतनामी लोक तिला 'शिक लो' म्हणू लागले.

आपल्याकडे उत्तर भारतात व विदर्भात रूढ झालेल्या सायकलरिक्षात चालक पुढे आणि प्रवासी मागे बसतो. हनोईच्या रिक्षात याच्या उलट मांडणी असते. दोन चाकांवरील आसन पुढे, आणि एका चाकावर उंच खोगिरात बसलेला चालक मागे. प्रवाशाच्या दृष्टीला कोणताही अडथळा राहत नाही. संपूर्ण रस्ता समोरून त्याच्याकडे येत असतो. परंतु जो माणूस हे वाहन चालवितो तो मात्र प्रवाशाला दिसत नाही. त्याच्या श्वासाचा आवाज आणि घंटीचा नाद तेवढा ऐकू येतो.

१९७५ मध्ये युद्ध संपल्यानंतर दक्षिणेकडील सायगाव शहरात, म्हणजे आजच्या हो ची मिन्ह सिटीत, पूर्वीच्या राजवटीतील सैनिक, शिक्षक व कारकून अशा अनेकांवर ही रिक्षा चालविण्याची वेळ आली. रिक्षावाला अस्खलित इंग्रजी बोलतो, याचे परदेशी पाहुण्यांना नवल वाटे. त्यामागील कारण मात्र सुखाचे नव्हते. त्रान आन हुंग या दिग्दर्शकाचा याच नावाचा, सायगावच्या एका तरुण रिक्षाचालकावरील चित्रपट १९९५ मध्ये व्हेनिस महोत्सवात सुवर्णसिंहाचा मानकरी ठरला. त्यानंतरच्या काळात मोटारसायकलींची गर्दी वाढली, मोठ्या शहरांत या रिक्षांवर निर्बंध आले आणि रोजच्या वाहतुकीतून त्या जवळजवळ नाहीशा झाल्या. हनोईत आज त्या उरल्या आहेत त्या मुख्यत्वे पर्यटकांच्या फेरफटक्यासाठी.

रिक्षातून दिसणारे शहर

राजा ली थाय तो याने इ. स. १०१० मध्ये आपली राजधानी होआ लू येथून या ठिकाणी हलविली आणि तिला 'थांग लाँग', म्हणजे आकाशात झेपावणारा नाग, असे नाव दिले. हनोई हे नाव १८३१ मधील. शहराच्या मध्यभागी होआन किएम हे तळे आहे. पंधराव्या शतकात ले लोई याने चिनी मिंग सत्तेविरुद्ध लढून देश स्वतंत्र केला. त्याला लाभलेली दैवी तलवार युद्ध संपल्यावर या तळ्यातील सुवर्णकासवाने परत मागून घेतली, अशी कथा आहे. होआन किएम या नावाचा अर्थच 'परत केलेली तलवार' असा होतो. तळ्यातील बेटावरच्या न्गोक सोन मंदिराकडे लाल रंगाचा लाकडी पूल जातो. या तळ्यातील अखेरचे प्रसिद्ध महाकाय कासव जानेवारी २०१६ मध्ये मरण पावले; त्याचा देह रसायने लावून त्याच मंदिरात जतन करण्यात आला आहे.

तळ्याच्या उत्तरेस 'छत्तीस पेठा' म्हणून ओळखली जाणारी जुनी वस्ती आहे. बहुतेक रस्त्यांच्या नावात 'हांग', म्हणजे विक्रीचा माल, हा शब्द आढळतो. पुण्यातील तांबट आळी किंवा मुंबईतील झवेरी बाजार ही नावे ज्या न्यायाने पडली तोच न्याय येथे दिसतो. हांग थिएक ही पत्र्याच्या वस्तूंची पेठ; तेथे आजही हातोड्यांचा आवाज चालू असतो. हांग मा येथे पितरांसाठी जाळावयाच्या कागदी वस्तू मिळतात. हांग गाय येथे पूर्वी तागाचा व्यापार असे, आज रेशमाचा आहे. लान ओंग या रस्त्यावर वनौषधींचा दरवळ सुटलेला असतो.

बँकेशी संबंधित वाचकांना हांग बाक विशेष वाटेल. 'बाक' म्हणजे चांदी. येथे दरबारासाठी चांदीच्या लगडी ओतल्या जात आणि नाण्यांची अदलाबदलही चाले. म्हणूनच फ्रेंचांनी या रस्त्याला 'सराफांचा', म्हणजे नाणी बदलून देणाऱ्यांचा रस्ता असे नाव दिले होते. येथून थोड्याच अंतरावर, तळ्याच्या पूर्वेस, फ्रेंच काळातील इंडोचायना बँकेची भव्य इमारत आहे. स्टेट बँक ऑफ व्हिएतनाम या मध्यवर्ती बँकेचा कारभार आज तेथून चालतो. चांदीच्या लगडींपासून मध्यवर्ती बँकेपर्यंतचा चलनाचा इतिहास रिक्षाच्या एका फेरीत नजरेखालून जातो.

भातखाचरातील रंगभूमी

पाण्यावरच्या बाहुल्यांना व्हिएतनामी भाषेत 'मुआ रोई नुओक' म्हणतात. या कलेचे माहेर हनोईच्या भोवतालचा लाल नदीचा खोरेप्रदेश होय. भातशेती, तळी आणि पूर यांत गेलेल्या जीवनाने पाण्यालाच रंगमंच केले. हा नादही जुना आहे. पूर्वीच्या हा नाम प्रांतातील दोई डोंगरावरील पॅगोडात इ. स. ११२१ चा एक शिलालेख आहे. राजा ली न्हान तोंग याच्यासमोर झालेल्या खेळात पाण्यावर तरंगत येणाऱ्या सुवर्णकासवाचे वर्णन त्यात आढळते. हनोईजवळील थाय पॅगोडासमोरच्या तळ्यात या खेळासाठी बांधलेला जुना जलमंडप आजही उभा आहे.

बाहुल्या उंबराच्या लाकडाच्या असतात. आपल्याकडे दत्तसंप्रदायात पूज्य मानलेला औदुंबर तो हाच. त्याचे लाकूड हलके असल्याने पाण्यावर चांगले तरंगते. कोरलेल्या बाहुलीवर लाखेसारख्या वनस्पतिज रोगणाचे अनेक थर चढवितात, त्यामुळे आत पाणी मुरत नाही आणि रंग चकाकतो. बाहुली लांब बांबूच्या टोकाशी बसविलेली असते; हा बांबू व हातपाय हलविणाऱ्या दोऱ्या पाण्याखालून पडद्यामागे जातात. कलावंत पडद्याआड कंबरभर पाण्यात उभे राहून त्या फिरवितात. बांबूच्या पडद्यातून त्यांना बाहेरचे दिसते, प्रेक्षकांना मात्र आतले काही दिसत नाही.

येथे पाणी तीन कामे करते. गढूळ असल्याने ते सारी यंत्रणा झाकते. बाहुलीचे वजन पेलते. आणि तिच्या हालचालीला लाटांची जोड देऊन सजीवपणा आणते. पाण्याचा विरोध मोठा असल्यामुळे बांबू फिरविण्यास ताकद लागते, आणि ती ताकद बाहुलीच्या नाजूक हालचालीत कोठेही जाणवू न देणे हे खरे कौशल्य होय.

खेळाची सुरुवात 'चू तेउ' करून देतो. गुबगुबीत देहाचा, हसऱ्या चेहऱ्याचा हा खेडूत आपल्या सूत्रधाराचे आणि विदूषकाचे काम एकट्याने पार पाडतो. पाठोपाठ भाताची लावणी, बेडूक पकडणारे लोक, बदकांवर झडप घालणारा कोल्हा, म्हशीवर बसून बासरी वाजविणारा मुलगा, तोंडातून ठिणग्या उडविणारे नाग आणि ले लोईच्या तलवारीची कथा असे लहान लहान प्रसंग येतात. साथीला ढोल, बासरी, 'डान बाउ' हे एकतारी वाद्य आणि 'चेओ' या लोकनाट्यातील गाणी असतात.

गुपित, वारसा आणि तिकीट

पूर्वी ही कला गावोगावच्या मंडळांकडे असे. यंत्रणेचे रहस्य बाहेर फुटू नये म्हणून मंडळाचे सभासद शपथ घेत. मुलगी लग्न होऊन परगावी जाणार म्हणून मुलींना ती शिकविली जात नसे. गुप्ततेमुळे प्रत्येक गावाचे वैशिष्ट्य टिकले. परंतु शिकणारा मुलगा नसेल तर विद्या जाणकाराबरोबरच संपण्याचा धोकाही राहिला. विसाव्या शतकातील दीर्घ युद्धांनी हा धोका आणखी वाढविला. १९५६ मध्ये राष्ट्रीय बाहुली नाट्यसंस्था स्थापन झाली, १९६९ मध्ये हनोईत थांग लाँग नाट्यगृहाची संस्था सुरू झाली. १९८४ मध्ये कलावंतांचा संच फ्रान्सला गेला आणि जगाचे लक्ष या कलेकडे वळले. आज होआन किएम तळ्याकाठच्या थांग लाँग नाट्यगृहात वर्षभर दररोज प्रयोग होतात आणि पडद्यामागे स्त्री कलावंतही पाण्यात उतरतात. दाओ थुक यांसारख्या गावांतील मंडळेही आपली परंपरा राखून आहेत.

या टिकून राहण्याची किंमतही मोजावी लागली आहे. भाषा न कळणाऱ्या प्रेक्षकांसाठी खेळ सुमारे ५० मिनिटांत बसविला गेला. संवाद कमी झाले, नेत्रसुख वाढले. परंतु तिकीट नसते तर कदाचित खेळच उरला नसता. आपल्याला हा प्रश्न परका नाही. सिंधुदुर्ग जिल्ह्यातील पिंगुळी येथील ठाकर समाजाने कळसूत्री बाहुल्या व चित्रकथी जपल्या. तेथील परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा कोठे अनेकांना या कलेचे नाव कळले.

रिक्षाच्या बाबतीत प्रश्न अधिक नाजूक आहे. माथेरानमधील हातरिक्षा मानवी प्रतिष्ठेला बाधक असल्याचे सांगून सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२५ मध्ये त्या सहा महिन्यांत बंद करण्याचा आणि चालकांच्या पुनर्वसनाचा आदेश दिला. हनोईची रिक्षा हाताने ओढावयाची नसून पायांनी चालवावयाची आहे, हा फरक खराच. तथापि कष्ट दोन्हींत आहेत. एखाद्याच्या श्रमाचा संकोच वाटून रिक्षा टाळली तर त्याची मिळकत बुडते, आणि बसून घासाघीस केली तर आपलाच हलकेपणा दिसतो. ठरलेली रक्कम न कुरकुरता देणे आणि जड देहाच्या दोघांनी एकाच रिक्षात न बसणे, एवढा विवेक मधला मार्ग ठरू शकेल.

काही व्यावहारिक सूचना

१. भारतीय नागरिकांना व्हिएतनामचा ई-व्हिसा मिळतो. ऑगस्ट २०२३ पासून त्याची कमाल मुदत ९० दिवसांची आहे.

२. डोंग या चलनात शून्ये फार असतात. १०,००० ते ५,००,००० डोंगच्या नोटा पॉलिमरच्या आहेत. त्यांपैकी २०,००० आणि ५,००,००० च्या नोटा निळसर असल्याने घाईत फसगत होते. मोठ्या नोटा पाकिटात वेगळ्या ठेवाव्यात.

३. रिक्षात बसण्यापूर्वी भाडे एका व्यक्तीचे की एका रिक्षाचे, किती वेळाचे आणि कोणत्या चलनात, हे स्पष्ट करून घ्यावे. आकडा कागदावर लिहून दाखविणे उत्तम.

४. बाहुल्यांच्या प्रयोगास गर्दी असते. तिकीट आधी काढावे. पुढील रांगेत बसल्यास पाण्याचे तुषार अंगावर येतात.

प्रयोग संपताना पडदा बाजूला होतो आणि इतका वेळ अदृश्य असलेले कलावंत कंबरभर पाण्यातून पुढे येऊन प्रेक्षकांना वंदन करतात. त्या क्षणी नाट्यगृहातील टाळ्या सर्वांत मोठ्या असतात. रिक्षाचा फेरफटका संपल्यावर असा पडदा उघडत नाही; प्रवाशाने स्वतःच मागे वळून पाहावे लागते. भाडे हातात देताना चालकाच्या चेहऱ्याकडे पाहून व्हिएतनामी भाषेत 'काम ओन', म्हणजे धन्यवाद, एवढे दोन शब्द म्हणण्यास कोणताही विनिमयदर लागत नाही.