बाळाचे नाव आणि नावाचा अर्थ

आमच्या वस्तीत नामकरण विधी ठरला की नावांच्या पुस्तिकेची शोधाशोध सुरू होते. पूर्वी ती बसस्थानकावर मिळे, आता याद्या मोबाईलवर येतात. 'संस्कृत नाव, अर्थ अमुक' हा एका ओळीतला निकाल मात्र तोच आहे. तो तपासून पाहण्याची सवय आम्हांस बँकेच्या काउंटरवर लागली.

झाले असे की, शिष्यवृत्तीचे खाते उघडण्यासाठी एक विद्यार्थी आला. जन्मदाखल्यावर नाव धम्मपाल, शाळेच्या दाखल्यावर धर्मपाल. प्रवेशाच्या वेळी गुरुजींनी 'अशुद्ध' नाव 'शुद्ध' करून लिहिले होते. खाते अडले, प्रतिज्ञापत्र करावे लागले, दोन महिने गेले. वास्तविक धम्मपाल हे नाव अशुद्ध नाही, ते पाली आहे. संस्कृतातील धर्म पालीत धम्म होतो, प्रज्ञा पञ्ञा होते, सिद्धार्थ सिद्धत्थ होतो, क्षेमा खेमा होते. म्हणून अर्थ पाहण्याआधी नाव कोणत्या भाषेतले आहे, हे पाहावे.

मिलिंद हे नाव घ्या. पुस्तिकेत अर्थ 'भुंगा' असा असतो, आणि संस्कृत कोशातही तो आहे. पण आपल्या घरांत हे नाव भुंग्यावरून आलेले नाही. इ.स.पूर्व दुसऱ्या शतकात वायव्य भारतावर राज्य करणारा ग्रीक राजा मिनँडर याच्या नावाचे पाली रूप म्हणजे मिलिंद. भिक्खू नागसेनांशी झालेला त्याचा संवाद 'मिलिंदपञ्ह' या ग्रंथात आहे. बाबासाहेबांनी 1950 साली औरंगाबादेस (आताचे छत्रपती संभाजीनगर) सुरू केलेल्या महाविद्यालयास पुढे हेच नाव मिळाले आणि परिसर नागसेनवन झाला. तेव्हा कोशातला अर्थ बरोबर असूनही उगम चुकू शकतो.

राहुल या नावाची गोष्ट अधिक नाजूक आहे. याद्यांत 'कार्यक्षम', 'दुःखावर विजय मिळवणारा' असे गोड अर्थ दिसतात. त्यांना आधार नाही. पाली जातककथांच्या प्रास्ताविकात, पुत्रजन्माची वार्ता ऐकून सिद्धार्थाने 'बंधन निर्माण झाले' असे उद्गार काढले व त्यावरून हे नाव पडले, असे सांगितले आहे. दुसरे मत या नावाचा संबंध राहूशी लावते. हे ऐकून आमच्या ओळखीचे एक गृहस्थ फार खिन्न झाले. मुलगा तेव्हा दहावीत होता! आम्ही त्यांना एवढेच सांगितले की, शिकण्याची आवड असणाऱ्या भिक्खूंमध्ये राहुल अग्रगण्य, असे खुद्द अंगुत्तर निकायात नोंदले आहे. शब्दाची व्युत्पत्ती एक असते, नाव कोणी धारण केले ही गोष्ट वेगळी असते. त्यांचे समाधान झाले.

याउलट सुजाता म्हणजे चांगल्या कुळात जन्मलेली, हा अर्थ सरळ आहे. विशाखा हे नक्षत्र, वैशाख महिन्याचे नाव त्यावरूनच आले. सिद्धार्थ म्हणजे ज्याचा हेतू साध्य झाला तो. (संस्कृतात पांढऱ्या मोहरीलाही सिद्धार्थ म्हणतात, पण पुस्तिकावाले ते छापत नाहीत.)

विद्यार्थ्यांनी कोश उघडण्याचा कंटाळा करू नये. संस्कृतासाठी वामन शिवराम आपटे यांचा 1890 सालचा कोश, पालीसाठी पाली टेक्स्ट सोसायटीचा कोश, आणि व्यक्तिनामांसाठी मललसेकर यांचा 1937-38 सालचा पाली विशेषनामांचा कोश. बाबासाहेबांनी स्वतः पालीचे व्याकरण व शब्दकोश तयार केला होता. तो त्यांच्या समग्र वाङ्मयाच्या सोळाव्या खंडात 1998 साली प्रसिद्ध झाला. हल्ली 'रेयांश' हे नाव 'सूर्यकिरणाचा अंश' अशा अर्थासह संस्कृत म्हणून मिरवते. त्यातला 'अंश' संस्कृत खरा, पण किरणाला 'रे' म्हणतात ते इंग्रजीत. आवडले तर जरूर ठेवावे, पण ते संस्कृत आहे असे बाळाला सांगू नये.

आमच्या पुतणीच्या मुलीचे नाव गेल्या वर्षी खेमा ठेवले. खेमा ही बिंबिसार राजाची राणी, पुढे भिक्खुणी संघात प्रज्ञेसाठी अग्रगण्य ठरलेली. आपण 'क्षेमकुशल' म्हणतो त्यातले क्षेम तेच. 'खेमा म्हणजे तंबू ना?' असे एका पाहुण्यांनी विचारलेच. जन्मनोंदणीचा अर्ज आम्ही स्वतः भरला. 'ख' ठळक काढला आहे, आणि शाळेत नाव घालताना तो दाखला घेऊन आम्हीच सोबत जाणार आहोत.