न्यूट्रिनोबद्दल वाचायचंय? इथून सुरुवात करा!

१९३० साली वोल्फगांग पाउलींनी एका पत्रात या कणाची कल्पना मांडली. रेन्स आणि कोवन या शास्त्रज्ञांना अणुभट्टीजवळ त्याचा पुरावा मिळाला तो थेट १९५६ मध्ये! ही कथा सोप्या इंग्रजीत वाचायची तर फ्रँक क्लोज यांचं 'न्यूट्रिनो' आधी घ्या. गणिताची तयारी असेल तर जॉन बाकॉल यांचं 'न्यूट्रिनो ॲस्ट्रोफिजिक्स'.

मूळ शोधनिबंधही वाचा. कोलारच्या सोन्याच्या खाणीत, दोन किलोमीटरहून खोल, मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेने ओसाका आणि डरहॅमच्या शास्त्रज्ञांसह वातावरणात जन्मलेल्या न्यूट्रिनोंच्या खुणा टिपल्या. त्यावरचा १९६५ च्या 'फिजिक्स लेटर्स'मधला निबंध जगातल्या अशा पहिल्या नोंदींपैकी एक आहे. भौतिकशास्त्र शिकणाऱ्या प्रत्येकापर्यंत ही माहिती नक्की पोहोचवा!