नानकटाईचा दिवस

पहाटे पाच. उद्या वसुबारस, म्हणजे तूप फेसायला आजच बसायला हवं, आणि तेही उजाडायच्या आत. आमच्या छत्रपती संभाजीनगरात ऑक्टोबरची दुपार अजून तापते, तूप पातळ व्हायला लागतं. रवाळ गोठलेलं 750 ग्रॅम तूप परातीत घेते, तेवढीच पिठीसाखर चाळून घालते आणि तळहाताने फेसत राहते. पिवळेपणा जाऊन ते पांढरंशुभ्र, हलकं झालं पाहिजे. वाटीतल्या पाण्यात टाकलेला थेंब तरंगला की समजावं, झालं. नानकटाई खुसखुशीत होते ती फेसताना तुपात शिरलेल्या हवेमुळे. सोडा चिमूटभर पुरे. पातळ तुपातली नानकटाई ट्रेवर पसरते, चपटी होते, आणि मग कितीही वेलदोडा घाला, उपयोग नाही.

सहा. पाणी आलं! जायकवाडीचं धरण एवढं जवळ, तरी या शहराने वर्षानुवर्षं रोजचं पाणी पाहिलेलं नाही. परात झाकून आधी टाक्या, हंडे, बादल्या.

आठ. 1 किलो मैदा, पाव किलो बेसन, मूठभर रवा. ताजे कुटलेले वेलदोडे, किसलेलं अर्धं जायफळ. बेसन मला हवंच. त्याचा खमंगपणा मैद्याला कधी यायचा नाही. पीठ तुपात फक्त एकत्र करायचं, मळायचं नाही. मळलं की मैदा चिवट होतो.

साडेअकरा. डबा घेऊन रोशन गेटकडच्या बेकरीत. नान-खलिया खाणाऱ्या या गावाला भट्टी परकी नाही. पहाटेचे पाव कडक आचेवर निघालेले असतात. नंतर विटांत उरलेली ऊब उतरत जाते आणि त्या उतरत्या आचेवर नानकटाईचा नंबर लागतो.

"भट्टी अजून कडक आहे, ताई. तोवर वळून घ्या."

बाकावर बसून आम्ही बायका गोळे वळतो, अंगठ्याने हलकेच दाबतो, वर चारोळी. शेजारची माझा वेलदोडा हुंगून बघते, मी तिचं जायफळ. नाताळच्या फराळाचे डबे घेऊन येणाऱ्या बायकाही डिसेंबरात इथेच भेटतात. घरी ओव्हन आहे, 160 अंशांवर नानकटाई बरी होतेही. पण तापलेल्या विटांची चहूबाजूंची कोरडी आच त्याला नाही, आणि ही बाकावरची दुपारही नाही.

एक. ट्रे आत गेला. वरचा थर आधी धरतो, आतला गोळा फुगतच असतो, म्हणून भेगा पडतात. भेग पडली, कडा बदामी झाल्या की बाहेर. आत्ता त्या इतक्या मऊ असतात की उचलू गेलं तर मोडतील. पोरांचे हात आवरायचे ते इथेच. बेकरीवाले किलोवर भाजणावळ घेतात.

रात्री नऊ. पूर्ण गार झाल्यावरच डब्यात, नाहीतर वाफेने सादळतात. खरा स्वाद तिसऱ्या दिवशी, जायफळ मुरल्यावर. म्हणून एक डबा फळीवर मागे, लक्ष्मीपूजनासाठी.