भुताच्या नावाचे धातू : कोबाल्ट आणि निकेल

शाळेच्या प्रयोगशाळेत टांगलेल्या आवर्तसारणीत २७ आणि २८ या क्रमांकांच्या घरांत कोबाल्ट आणि निकेल हे दोन धातू शेजारी शेजारी बसलेले आहेत. विद्यार्थी त्यांच्या संज्ञा व अणुक्रमांक पाठ करतात. नावांचा अर्थ मात्र सहसा कोणी विचारीत नाही. मूलद्रव्यांची नावे ग्रहांवरून, देशांवरून किंवा शास्त्रज्ञांवरून पडलेली आढळतात. युरेनियमला युरेनस ग्रहाचे नाव मिळाले, तर मेरी क्युरी यांनी आपल्या पारतंत्र्यातील मायभूमीची, पोलंडची, आठवण ‘पोलोनियम’ या नावात जतन केली. कोबाल्ट आणि निकेल ही नावे मात्र भुतांची आहेत. विज्ञानाच्या तक्त्यात भुते कशी येऊन बसली, याचे उत्तर इतिहासात सापडते.

खाणीतील अंधार

जर्मनीतील सॅक्सनी आणि बोहेमिया यांच्या सीमेवरील डोंगरांत पंधराव्या-सोळाव्या शतकांत चांदीच्या मोठ्या खाणी होत्या. तेथील खाणकामगारांना कधी कधी चांदीसारखे दिसणारे एक धातुक सापडे. भट्टीत घातले, की त्यातून चांदी तर निघत नसेच. उलट उग्र, विषारी धूर निघे आणि माणसे आजारी पडत. खाणीत राहणाऱ्या ‘कोबोल्ड’ नावाच्या पिशाच्चाने चांदी पळवली आणि तिच्या जागी हा निरुपयोगी दगड ठेवला, अशी त्यांची समजूत झाली. तांब्यासारखे लालसर दिसणारे, परंतु तांबे न देणारे आणखी एक धातुक होते. त्याला ते ‘कुप्फरनिकेल’, म्हणजे भुताटकीचे तांबे, म्हणू लागले.

याच खाणींच्या परिसरात गेओर्ग अ‍ॅग्रिकोला हे वैद्य काम करीत होते. खाणकामावरील त्यांचा ‘दे रे मेटालिका’ हा लॅटिन ग्रंथ त्यांच्या मृत्यूनंतर, १५५६ साली प्रसिद्ध झाला. ओल्या हातापायांना खाऊन टाकणाऱ्या आणि डोळे व फुप्फुसे बिघडवणाऱ्या एका खनिजाची त्यात नोंद आहे. त्यापासून बचाव करण्यासाठी कामगारांनी कातडी बूट घालावेत, कोपरापर्यंत हातमोजे घालावेत आणि तोंडावर सैल आच्छादन घ्यावे, असे ते सांगतात. त्याच ग्रंथात खाणीतील दुष्ट पिशाच्चांचाही उल्लेख आहे आणि ती प्रार्थनेने व उपवासाने पळतात, असेही म्हटले आहे. एकाच ग्रंथात, एकाच विद्वानाच्या लेखणीतून हे दोन उपाय आले आहेत. हातमोजा कारण ओळखून सुचवलेला आहे. उपवास कारण न ओळखता. युरोपचा पुढील दोनशे वर्षांचा वैज्ञानिक प्रवास यांपैकी पहिल्या वाटेने झाला.

कारणाचा शोध

या धातुकापासून काचेला गडद निळा रंग देता येतो, हे कारागिरांना ठाऊक होते. तो रंग बिस्मथ या धातूमुळे येतो, असा समज होता. सुमारे १७३५ साली स्वीडनमधील गेओर्ग ब्रांट यांनी प्रयोगांती दाखवून दिले, की ही निळाई बिस्मथची नसून आजवर अज्ञात असलेल्या एका धातूची आहे. तोच कोबाल्ट. त्यांचेच शिष्य आक्सेल क्रोनस्टेड यांनी १७५१ साली कुप्फरनिकेलसारख्याच धातुकातून तांब्याऐवजी एक पांढरा, कठीण आणि चुंबकाकडे ओढला जाणारा धातू मिळवला. तो निकेल. अनेकांनी त्यांचे म्हणणे मानले नाही. हे जुन्याच धातूंचे मिश्रण आहे, असा आक्षेप घेतला. १७७५ साली टॉर्बर्न बर्गमन यांनी अधिक शुद्ध निकेल तयार केले, तेव्हा क्रोनस्टेड यांचे म्हणणे खरे ठरले. तोवर ते हयात नव्हते.

मग विषारी धुराचे काय? या धातुकांत आर्सेनिक, म्हणजे आपल्याकडे सोमलात असते तेच विषारी द्रव्य, मिसळलेले असते. भट्टीच्या उष्णतेने त्याची वाफ होई. कोबोल्ड नव्हता, आर्सेनिक होते. तथागतांनी प्रतीत्यसमुत्पादाच्या रूपाने जे सांगितले ते हेच, की कारणाशिवाय कार्य नाही आणि कारण नष्ट केले की कार्यही थांबते. दुःखाचे कारण शोधता येते, हा या विचाराचा गाभा आहे.

शापाचे वरदान

ज्यांना निरुपयोगी दगड म्हणून फेकले जाई, त्या धातूंवाचून आजचे जग चालणार नाही. आपल्या शरीराला लागणाऱ्या ‘ब १२’ जीवनसत्त्वाच्या रेणूच्या मध्यभागी कोबाल्टचा अणू असतो. ती रचना उलगडणाऱ्या डोरोथी हॉजकिन यांना १९६४ साली नोबेल पारितोषिक मिळाले. कोबाल्ट-६० या किरणोत्सारी समस्थानिकाचे किरण कर्करोगावरील उपचारांत वापरतात. मुंबईच्या भाभा अणुसंशोधन केंद्राने त्यासाठी ‘भाभाट्रॉन’ हे यंत्र विकसित केले आहे. मोबाइलच्या अनेक बॅटऱ्यांतही कोबाल्ट असतो. निकेल स्वयंपाकघरातील स्टेनलेस स्टीलच्या अनेक भांड्यांत असते. १९९० साली बाबासाहेबांच्या जन्मशताब्दीनिमित्त भारत सरकारने काढलेले एक रुपयाचे नाणेही तांबे आणि निकेल यांच्याच मिश्रधातूचे होते. ते आपल्यापैकी अनेकांनी घरी जपून ठेवले असेल.

राहिलेला प्रश्न

विज्ञानाने भूत घालवले, तरी खाणकामगाराचे दुःख संपले का? आज जगातील निम्म्याहून अधिक कोबाल्ट आफ्रिकेतील काँगो लोकशाही प्रजासत्ताकातून येतो. तेथील हाताने खोदल्या जाणाऱ्या खाणींत लहान मुले राबतात आणि बहुसंख्य कामगारांकडे साधे हातमोजे वा मुखपट्टीही नसते, असे अ‍ॅम्नेस्टी इंटरनॅशनलने २०१६ साली प्रसिद्ध केलेल्या अहवालात नमूद आहे. अ‍ॅग्रिकोलांनी हातमोजे सुचवून तेव्हा ४६० वर्षे झाली होती. आता कारण अज्ञात नाही. उपायही अज्ञात नाही. उणीव न्यायाची आहे.

बाबासाहेबांनी ही उणीव ओळखली होती. व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री असताना त्यांनी धनबाद भागातील कोळसा खाणींना भेट देऊन कामगारांची स्थिती प्रत्यक्ष पाहिली. त्यांच्याच कारकिर्दीत, १९४४ साली, कोळसा खाण कामगारांसाठी कल्याण निधी स्थापन झाला. शास्त्रज्ञ दुःखाचे कारण सांगतो. ते दूर करण्यासाठी कायदा, संघटना आणि करुणा लागते.

आपल्या भोवतीचे कोबोल्डही अजून गेलेले नाहीत. आजारपणाचे खापर आजही भानामतीवर आणि करणीवर फोडले जाते. म्हणूनच महाराष्ट्राला २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा करावा लागला. वसतिगृहात राहून शिकणाऱ्या आपल्या मुलामुलींनी आवर्तसारणी अवश्य पाठ करावी. परंतु २७ आणि २८ या घरांशी क्षणभर थांबून दोन प्रश्न विचारावेत. हे कशामुळे घडते? आणि यासाठी खाणीत कोण उतरते? पहिल्या प्रश्नाचे उत्तर विज्ञान शिकवील. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर शोधण्याची जबाबदारी धम्माच्या वाटेने चालणाऱ्या आपणा सर्वांची आहे.