वधूचे पाऊल आणि पादत्राणाचे शास्त्र

लग्नसराई सुरू झाली की अंधेरी, बोरिवली, मुलुंड आणि घाटकोपर येथील बाजारपेठांतून मायलेकींची जी वर्दळ दिसू लागते, तीत शालू, दागिने आणि पत्रिका यांची तजवीज महिनोगणती अगोदर झालेली असते. परंतु ज्या पादत्राणावर वधूला सायंकाळचे तीन-चार तास काढावयाचे असतात, त्याची खरेदी बहुधा अखेरच्या आठवड्यात, तीही केवळ रंग पाहून, उरकली जाते. हा क्रम उलटा आहे, आणि शरीरशास्त्राची साक्ष काढली तर तो बदलणे किती अगत्याचे आहे हे ध्यानात येते.

आपल्या विवाहविधीत वधू बहुतांश अनवाणीच असते. लाजाहोमाला, सप्तपदीला आणि पुढे सासरचे माप ओलांडतानाही पादत्राणाला मज्जाव आहे. त्याची कसोटी लागते ती स्वागत समारंभात, आणि तेथे चालणे थोडे, उभे राहणे फार. माणूस निश्चल उभा असताना हृदयापासून घोट्यापर्यंतच्या रक्तस्तंभाचा भार घोट्याजवळच्या नीलांवर पडतो व तेथील दाब पाऱ्याच्या 80 ते 90 मिलिमीटरपर्यंत चढतो. तोच माणूस चालू लागला की पोटरीचे स्नायू पावलागणिक नीला पिळून रक्त वर ढकलतात आणि हा दाब साधारण 30 मिलिमीटरपर्यंत किंवा त्याहूनही खाली उतरतो. आहेर आणि आशीर्वाद स्वीकारीत एकाच जागी खिळलेल्या वधूच्या पोटरीला हे काम करण्यास वावच मिळत नाही. केशवाहिन्यांतून द्रव ऊतींत पाझरतो, पाऊल सुजते, आणि सकाळी बेताचा बसलेला पट्टा रात्री पायात रुततो. म्हणून लग्नाची चप्पल संध्याकाळी, दिवसभराचे कामकाज व लोकलचा प्रवास आटोपल्यावर, पाय जड झालेले असतानाच घ्यावी.

टाचेचा प्रश्न याहून नाजूक आहे. सपाट उभे राहिले असता भाराचा मोठा वाटा टाचेवर येतो. टाच उचलली की तो चवड्यावर सरकतो, आणि दोन इंची टाचेने चवड्यावरील दाब सुमारे दीडपट होतो, असे दाबमापनाच्या प्रयोगांत आढळले आहे. त्यात आपल्याकडे दुसऱ्या बोटात त्याच दिवशी चढवलेली चांदीची जोडवी असतात, आणि निमुळत्या, बंद तोंडाच्या बुटात ती शेजारच्या बोटांत रुततात. पुढून उघडे, चवड्याला ऐसपैस आणि फार तर इंचभर टाचेचे पादत्राणच वधूला योग्य, असे माझे स्पष्ट मत आहे.

अशा वेळी कोल्हापुरी चपलेची आठवण होणे स्वाभाविक आहे. 2019 साली भौगोलिक मानांकन मिळालेली ही चप्पल परंपरेने बाभळीची साल व हिरडा यांत कमावलेल्या कातड्याची असते. या द्रव्यांतील टॅनिन कातड्यातल्या कोलॅजेनच्या तंतूंना जखडून ते कुजू देत नाही. तरीही त्या तंतूंच्या जाळ्यात घामाची ओल शोषण्याइतकी जागा उरते, आणि नित्याच्या भाराने चपलेचा तळ वापरणाऱ्याच्या पावलाशी जुळवून घेतो. मात्र या जुळणीस अवधी लागतो. नवी कोल्हापुरी कडक असते व तिचा अंगठा बोटांच्या बेचक्यात घासतो. फोड येतो तो असा, की त्वचेचा वरचा थर पट्ट्याला धरून राहतो, आतले हाड पुढे सरकते, आणि त्या ओढाताणीत बाह्यत्वचेचे आतले पदर फाटून पोकळीत पाणी साचते. घामेजलेली त्वचा कोरड्या त्वचेपेक्षा अधिक चिकटून घासते, आणि मुंबईच्या दमट हवेत घामाला तोटा नाही! तेव्हा ही चप्पल निदान तीन-चार आठवडे अगोदर घेऊन, पट्ट्यांना आतून तेलाचे बोट लावून, घरातल्या घरात रोज थोडा वेळ वापरावी. ज्या मुलींची टाच मुळातच दुखते त्यांना सपाट, कठीण तळ सोसणार नाही. त्यांनी तळाला मऊ गादी असलेले पादत्राण निःसंकोच घ्यावे.

माप घरीच घेता येते. संध्याकाळी कोऱ्या कागदावर दोन्ही पावलांवर सारखा भार देऊन उभे राहावे आणि दुसऱ्या कोणी पेन्सिल उभी धरून पावलाभोवती रेघ काढावी. दोन्ही पावले क्वचितच सारखी असतात. मोठ्या पावलाचे माप धरावे आणि जोडव्यांच्या जाडीएवढी जागा सोडावी. कागदावर ठेवलेल्या चपलेबाहेर रेघ दिसली, तर ती चप्पल कितीही सुंदर असली तरी परत करावी. शालूच्या निऱ्याही तीच चप्पल पायात असताना बसवाव्यात. ऐनवेळी टाच बदलली की निऱ्या पायात येतात.

यजमान मंडळींना एक विनंती आहे. व्यासपीठावरच्या खुर्च्या केवळ शोभेसाठी ठेवू नका. पाहुण्यांची रांग मध्येच थोपवून वधूवरांना दर अर्ध्या तासाने पाच मिनिटे बसू द्या, आणि उभे असतानाही मुलीला अधूनमधून चवड्यावर उंच होऊन टाचा पुन्हा टेकण्यास सांगा. पोटरीचे स्नायू तेवढ्यानेही रक्त वर ढकलू लागतात.