चित्रपट्टी ते दिग्दर्शन

अ‍ॅनिमेशनमध्ये चित्रपट आधी कागदावर घडतो. स्टोरीबोर्ड म्हणजे प्रत्येक शॉटचे चौकटीतले रेखाटन: कॅमेरा कुठे, पात्र कुठून येते, शॉट किती सेकंदांचा. या चौकटी आवाजासह वेळेत बसवल्या की अ‍ॅनिमॅटिक तयार होते. शॉट कुठे तोडायचा हे स्टोरीबोर्ड कलाकार रोज ठरवत असतो, म्हणून दिग्दर्शनाची वाट या टेबलावरून जवळची.

दिग्दर्शनापर्यंतच्या वाटेचे एक उदाहरण म्हणून मुंबईच्या अ‍ॅनिमेशन दिग्दर्शक गीतांजली राव यांचा प्रवास पाहा. 1994 मध्ये मुंबईच्या जे.जे. कला महाविद्यालयातून उपयोजित कलेची पदवी, मग अ‍ॅनिमेटर राम मोहन यांच्या स्टुडिओत काम. अ‍ॅनिमेशन त्या कामातूनच शिकल्या. जवळजवळ एकटीने केलेल्या ‘प्रिंटेड रेनबो’ या लघुपटाला 2006 मध्ये कान चित्रपट महोत्सवाच्या समीक्षक सप्ताहात तीन पुरस्कार मिळाले. 2019 मध्ये ‘बॉम्बे रोझ’ या चित्रपटाने व्हेनिस महोत्सवाच्या समीक्षक सप्ताहाचा पडदा उघडला. लेखन, संकलन, दिग्दर्शन त्यांचेच; सुमारे 60 कलाकारांनी दीड वर्ष एकेक फ्रेम रंगवली. एवढा धीर या माध्यमाला लागतोच.

या क्षेत्रात यायचे असेल तर शहापूर-मुरबाडच्या मुलांनी शाळेतच एलिमेंटरी, इंटरमिजिएट चित्रकला परीक्षा द्याव्यात. बारावीनंतर कलेच्या पदवीसाठी राज्याची कला सीईटी ही प्रवेश परीक्षा असते. पवईच्या आयआयटीत अ‍ॅनिमेशनच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमासाठी सीड ही प्रवेश परीक्षा. शहापूरजवळच्या आसनगावहून लोकल थेट सीएसएमटीला जाते आणि जे.जे. तिथून चालत गाठता येते; मुरबाडकरांना आधी एसटीने कल्याण गाठावे लागते. प्रवेशाच्या तारखा दरवर्षी बदलतात, त्या अधिकृत संकेतस्थळावरच पाहाव्यात.